बायकांनी सांगितलेला इतिहास: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

घरातल्या, कारखान्यातल्या किंवा चळवळीतल्या बायकांच्या आठवणी नीट नोंदवू पाहणाऱ्यांसाठी आणि अशा नोंदी वाचताना ‘हे कितपत धरून चालायचं?’ असा प्रश्न पडणाऱ्यांसाठी ही उत्तरं आहेत. ती क्रमाने वाचलीच पाहिजेत असं नाही.

इतिहास पुराव्यावर चालतो. त्यात गोष्टीचं काय काम?

पुरावे आपणहून बोलत नाहीत. ते मांडावे लागतात आणि मांडणी म्हटली की गोष्ट आलीच. सुरुवात कुठून धरायची, शेवट कुठे करायचा, कोणामुळे काय घडलं म्हणायचं, हे लिहिणारा ठरवतो. एखाद्या संपाचा इतिहास घ्या. तो युनियनच्या ठरावापासून सुरू करून तडजोडीच्या सहीपाशी संपवला, तर पगार बंद असताना उधारीवर आणि गहाण टाकलेल्या दागिन्यांवर ज्या बायकांनी घर चालवलं त्या त्यात येतच नाहीत. कोणी त्यांना मुद्दाम वगळलेलं नसतं, चौकटच तेवढी आखलेली असते. तोच शेवट कर्ज फिटेपर्यंत पुढे न्या, संपात निराळी माणसं दिसू लागतात.

दुसरी अडचण दप्तराची. जुने कागद तयार केले ते न्यायालयांनी, महसूल खात्यांनी, पोलिसांनी आणि कारखान्यांच्या हजेरीपुस्तकांनी. त्यांत बाई येते ती बहुधा काही बिनसलं की: वारसाचा दावा, फिर्याद, पंचनामा. नुसत्या दप्तरावरून लिहिलं तर बायका एक तर अडचणीत होत्या, नाहीतर नव्हत्याच, असा समज होतो.

तिने सांगितलेली तारीख चुकीची निघाली. मुलाखत बाद करायची का?

मुळीच नाही. इटलीतल्या तेर्नी या पोलादाच्या शहरात १७ मार्च १९४९ रोजी नाटोविरोधी निदर्शनात लुइजी त्रास्तुल्ली हा २१ वर्षांचा कामगार पोलिसांशी झालेल्या चकमकीत मारला गेला. पुढे अनेक वर्षांनी मौखिक इतिहासाचे अभ्यासक अलेस्सांद्रो पोर्तेल्ली यांनी तिथल्या कामगारांच्या मुलाखती घेतल्या, तेव्हा बऱ्याच जणांनी हा मृत्यू १९५३ मध्ये, कारखान्यातल्या मोठ्या कामगारकपातीविरुद्धच्या रस्त्यावरच्या लढ्यात झाला असं सांगितलं. पोर्तेल्लींनी ती चूक दुरुस्त करून बाजूला ठेवली नाही. आपला साथीदार गेला आणि आपण काहीच करू शकलो नाही, ही सल त्या लोकांनी मोठ्या लढ्यात नेऊन बसवली होती. १९४९ कागदावरून कळतं. त्या मृत्यूचा गावाने काय अर्थ लावला, हे १९५३ वरून कळतं.

म्हणून लिखित प्रतीत, म्हणजे मुलाखत ऐकून उतरवलेल्या मजकुरात, तिने सांगितलेलंच साल ठेवा आणि तळटीपेत कागदोपत्री साल द्या. दोन्ही एकमेकांत मिसळू नका.

सनावळी न सांगणाऱ्या बाईसोबत साल शोधायचं असेल तर एका कागदावर दोन रकाने पाडा. डावीकडे तिच्या आयुष्यातल्या घटना: पाळी आली, लग्न, पहिलं मूल, घर बदललं, सासू गेली. उजवीकडे ज्यांची तारीख पक्की ठाऊक आहे अशा सार्वजनिक घटना: पूर, निवडणूक, युद्ध, मोठी साथ. मग दोन्हींना जोडणारे बारीक प्रश्न विचारा. ‘पूर आला तेव्हा थोरला चालत होता की कडेवर होता?’ या एका प्रश्नाने अंदाज वर्षभराच्या आत येतो. ‘साल आठवतं का?’ असं विचारलंत तर ती गोंधळते आणि काहीतरी गोळाबेरीज आकडा देऊन मोकळी होते.

आणखी एक. माणसाच्या आठवणी साधारण दहा ते तीस या वयातल्या सर्वांत दाट असतात. त्यामुळे लग्न, पहिली बाळंतपणं तपशीलवार येतात आणि पन्नाशी दोन वाक्यांत उरकते. ती पन्नाशी मुद्दाम विचारावी लागते.

कागदाचा आधार नसेल तर विश्वास कशाच्या जोरावर ठेवायचा?

कागद नाही म्हणजे घडलंच नाही, ही पळवाट आहे. हॅरिएट जेकब्स यांनी अमेरिकेतल्या आपल्या गुलामीची हकीकत १८६१ मध्ये टोपणनावाने छापली. मालकापासून वाचण्यासाठी आजीच्या घराच्या माळ्यावर, नीट उभंही राहता येणार नाही अशा जागेत, त्या जवळजवळ सात वर्षं लपून होत्या. पुढच्या शतकात नामवंत अभ्यासकांनी ती हकीकत कादंबरीवजा ठरवली, कारण ती फारच ‘रचलेली’ वाटत होती. अखेर अभ्यासक जीन फेगन येलिन यांनी पत्रं आणि स्थानिक दप्तर धुंडाळून माणसं, जागा, घटना एकेक करून जुळवल्या. १९८७ मध्ये त्यांची संपादित आवृत्ती आल्यावर वाद मिटला. बाईने आपली हकीकत त्या काळच्या वाचकांना रुचेल अशा कादंबरीच्या थाटात सांगितली होती, म्हणून ती खोटी वाटत होती. थाट उसना होता, हकीकत खरी.

पडताळताना विधानांची वर्गवारी करा. ‘गिरणीत बायकांचं खातं वरच्या मजल्यावर होतं’ हे नकाशावरून, फोटोवरून, दुसऱ्या कामगारांकडून तपासता येतं. ‘मुकादम बायकांना त्रास द्यायचा’ यासाठी एकमेकींना न ओळखणाऱ्या निदान दोघी-तिघींची साक्ष शोधा. एकाच गटातल्या चौघींनी शब्दाला शब्द जुळवून सांगितलं तर ती एकच साक्ष धरा, कारण ती गोष्ट त्यांनी एकत्र बसून घडवलेली असते. ‘मला तेव्हा सुटल्यासारखं वाटलं’ हे तपासायचं नसतं. हे मत तिने कधी बनवलं, तेव्हा की आज, एवढंच हळूच विचारून घ्यावं.

एकाच बाईने दोघांना दोन वेगवेगळ्या गोष्टी सांगितल्या. खरी कोणती?

अमेरिकेत १९३६ ते १९३८ दरम्यान एका सरकारी लेखन प्रकल्पात पूर्वी गुलामीत राहिलेल्या २,३०० हून अधिक लोकांच्या आठवणी टिपल्या गेल्या. त्यांत चार्ल्सटनच्या सुझन हॅम्लिन या वृद्ध बाईच्या दोन नोंदी आहेत. दुसरीत आडनावही हॅमिल्टन असं झालं आहे. पहिली घेणारी गोरी बाई होती आणि ती सरकारी मदतीच्या कार्यालयातून आली आहे असं सुझनना वाटलं. तिला त्यांनी मालक चांगला होता असं सांगितलं. दुसरी नोंद ऑगस्टस लॅडसन या कृष्णवर्णीय माणसाने घेतली. तिथे कुटुंबं तोडून केलेली माणसांची विक्री आणि चाबकाचे फटके आले.

इथे नाण्याची कोणती बाजू खरी हे शोधत बसण्यापेक्षा दोन्ही नोंदी शेजारी ठेवून वाचाव्यात. मदत देणाऱ्या कार्यालयातल्या गोऱ्या बाईपुढे काय बोलणं परवडतं, हेदेखील त्या काळाबद्दलचं ज्ञानच आहे. मात्र त्यासाठी कोणी विचारलं, हे नोंदलेलं असायला हवं. मुलाखत संपली की त्याच दिवशी अर्धं पान लिहा: कोण विचारत होतं, वय, जात किंवा समाज, बोलायची भाषा, कोणाच्या ओळखीने तिथे गेलात, आजूबाजूला कोण होतं, तुम्ही कशासाठी आला आहात असं तिला वाटलं. शेवटचा मुद्दा सर्वांत जास्त गळतो. आपण उद्देश समजावून सांगितला म्हणजे तिला तोच समजला, असं नसतं. योजनेची, पेन्शनची, वर्तमानपत्राची माणसं समजून बोललेल्या मुलाखतींची संख्या कमी नाही.

नवरा किंवा मुलगा समोरून उठतच नाही. काय करायचं?

हा अनुभव जुनाच आहे. स्वेतलाना अलेक्सिएविच यांनी दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या सोव्हिएत स्त्रियांशी बोलून १९८५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पुस्तकात एक घर आहे. नवरा-बायको दोघंही युद्धावर गेलेले. पाहुणी येणार म्हणून नवऱ्याने बायकोकडून रात्रभर युद्धाचा इतिहास घोकून घेतलेला, का तर तिने बायकी बारीकसारीक सांगत बसू नये.

भांडून उपयोग नाही. पहिल्या भेटीत त्याचं म्हणणं पूर्ण ऐका, रेकॉर्डही करा, कारण तीही साक्ष आहे. दुसरी भेट तिच्या कामाच्या वेळेत आणि कामाच्या जागी ठरवा. हात कामात असले की जीभ सैल होते आणि पुरुष तिथे सहसा ठाण मांडत नाहीत. दोघं जण गेला असाल तर एकाने बाहेर त्याच्याशी बोलत बसावं. ती समोरच्या माणसाकडे पाहून वाक्य मध्येच सोडत असेल, तर तो विषय तिथेच थांबवा. पाठलाग केलात तर तुम्ही निघून गेल्यावर भोगायचं तिलाच आहे.

‘माझ्याकडे कुठं काय सांगण्यासारखं?’ असं म्हणून ती थांबते. पुढे कसं न्यायचं?

या वाक्याने घाबरू नका, बहुतेक मुलाखती याच वाक्याने सुरू होतात. ती इतिहास म्हणजे मोठ्या माणसांचा, असं धरून चाललेली असते. ‘स्वातंत्र्यलढ्याबद्दल सांगा’ असं विचारलंत की ती नवऱ्याकडे बोट दाखवणार. त्याऐवजी एक दिवस विचारा: ‘तुम्ही पंधरा वर्षांच्या होतात तेव्हाचा एक साधा दिवस, उठल्यापासून निजेपर्यंत.’ मग जागा विचारा. घरात कोण कुठे झोपायचं, पैसे कुठे ठेवलेले असत, किल्ली कोणाकडे असे. किल्लीच्या प्रश्नातून सत्ता, रुसवे, वाटण्या, सगळं बाहेर येतं. ‘घरात निर्णय कोण घ्यायचं?’ या प्रश्नातून फक्त ‘मोठी माणसं’ एवढंच उत्तर येतं.

‘तुम्हाला कसं वाटलं?’ हा प्रश्न पहिल्या तासात टाळा. त्याचं उत्तर ठरीव असतं. काय केलं ते विचारा, वाटलेलं आपोआप येईल.

ती गप्प झाली तर मनात दहा अंक मोजा. पाचव्या अंकाला तोंड उघडायचा मोह होतो आणि नेमकं सहाव्या-सातव्याला ती बोलणार असते.

बोलता बोलता ‘मी’ सुटून ‘आपल्याला’, ‘बाईमाणसाला’, ‘लोक म्हणायचे’ असं कुठे सुरू होतं तिकडे कान ठेवा. ती सरकलेली जागा कागदावर वेळेसह टिपा, मध्येच तोडू नका. शेवटी किंवा पुढच्या भेटीत तिथे परत या: ‘मघाशी बाईमाणसाला बोलता येत नाही म्हणालात, ते कधीचं?’

वीरकथा म्हणून सांगितली जाणारी घटना कशी ऐकायची?

गोष्टीचा साचा कुठे झाकण घालतो हे अशा कथांतून सर्वांत स्पष्ट दिसतं. मार्च १९४७ मध्ये रावळपिंडी जिल्ह्यातल्या थोहा खालसा गावात हल्ल्याच्या वेळी शीख बायकांनी विहिरीत उड्या घेतल्या. संख्या सुमारे ९० सांगितली जाते. समाजात ही घटना बलिदान म्हणून सांगितली गेली, आणि सांगणारे बरेचदा वाचलेले पुरुष होते. उर्वशी बुटालिया, रितू मेनन, कमला भसीन यांनी फाळणीतून गेलेल्या बायकांशी बोलायला सुरुवात केल्यावर साच्याबाहेरचे प्रश्न पुढे आले. ठरवलं कोणी? कोणाला नको होतं का? विहीर भरल्यामुळे ज्या बुडाल्या नाहीत त्या पुढे कशा जगल्या? बलिदानाच्या गोष्टीत वाचलेल्या बाईला जागा नसते. तिचं वाचणंच गोष्टीला अडचणीचं होतं.

कायद्याच्या भाषेतही असाच साचा असतो. फाळणीत पळवून नेलेल्या व्यक्तींना परत मिळवण्यासाठी भारताने १९४९ मध्ये केलेल्या कायद्यात अशा व्यक्तीची व्याख्या सोळा वर्षांखालील मुलगा किंवा ‘कोणत्याही वयाची’ स्त्री अशी होती. चाळीस वर्षांची बाई आणि पाच वर्षांचं पोर एका रांगेत. तिची परत जायची इच्छा आहे का, हा प्रश्न निर्णायक नव्हता. कागद वाचतानाही बाईबद्दल कोण, कोणत्या साच्यात बोलतंय हे पाहायला हवं, ते यासाठी.

व्यवहारात काय करायचं? ठरीव गोष्ट आधी पूर्ण, न थांबवता ऐकून घ्या. मग त्याच दिवसाबद्दल शरीराच्या पातळीवरचे प्रश्न विचारा: अंगावर काय होतं, मुलं कोणाकडे होती, आधी कोण निघालं, दुसऱ्या दिवशी सकाळी काय केलं. साचा ‘दुसऱ्या दिवशी सकाळी’ला पोचल्यावर तुटतो.

ओव्या, गाणी, उखाणे हा पुरावा मानायचा का?

मानायचा, पण गाण्याचा म्हणूनच. ओवीतली ‘मी’ म्हणजे गाणारीच, असं नसतं. बरीचशी ओळ परंपरेने आलेली असते आणि गाणारी तिच्यात आपलं नाव, गाव, दुःख बसवते. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी सहकाऱ्यांसह जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या हजारावर गावांतून जमवल्या. एवढा साठा हाताशी असला की एका गाणारीने कुठला शब्द बदलला हे शेजारच्या गावाच्या ओवीशी ताडून पाहता येतं. खरी माहिती त्या बदलात असते. एकच ओवी पकडून ‘त्या काळी बायकांना असं वाटायचं’ म्हणणं धाडसाचं आहे.

गाणं टिपताना शब्दांबरोबर इतकं हवंच: कोणाकडून शिकली, कोणतं काम करताना गाते, कोणासमोर गात नाही.

बायकांनी लिहिलंच नाही, मग मिळणार काय?

लिहिलं, छापलंही. १८५५ मध्ये फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ताबाईंनी मांग-महारांच्या दुःखाविषयी लिहिलेला निबंध ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकात आला. ताराबाई शिंद्यांची ‘स्त्रीपुरुष तुलना’ १८८२ ची, पण ती पुन्हा वाचकांसमोर आली १९७५ मध्ये, स. गं. मालशे यांनी पुनर्मुद्रण केल्यावर. मधली ९३ वर्षं पुस्तक असून नसल्यासारखं होतं. तेव्हा शोध घेताना ‘तिने लिहिलं का?’ याच्यापुढे जाऊन ‘लिहिलेलं कोणी ठेवलं, कोणी पुन्हा छापलं नाही?’ इथपर्यंत जावं लागतं. आत्मचरित्रं वाचताना नवऱ्याबद्दलची पानं आणि स्वतःबद्दलची पानं नुसती मोजून पाहिली तरी बरंच कळतं.

रेकॉर्डिंगला काय लागतं?

महागडं काही नाही. फाइल वेव्ह (.wav) प्रकारात, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. एका वाहिनीच्या (मोनो) तासाभराला साधारण ५०० मेगाबाइट जागा लागते. शक्य तर दोन यंत्रांवर रेकॉर्ड करा. फोन वापरत असाल तर विमान-मोडवर टाका, नाहीतर कॉल आला की रेकॉर्डिंग थांबतं आणि ते घरी आल्यावर कळतं.

कॉलर माइक हनुवटीपासून वीतभर खाली, कापडाची हालचाल कमी असेल तिथे. पदराला लावलात तर प्रत्येक हालचालीला खरखर येते. बांगड्या काढायला सांगू नका, माइक हातांपासून दूर ठेवा. आवाजाची पातळी सर्वांत मोठ्या बोलण्याला उणे १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या, म्हणजे हसताना, रडताना फाटणार नाही. पंखा, फ्रिज बंद. सुरुवातीला तारीख, ठिकाण, नावं बोलून घ्या आणि ३० सेकंद नुसती खोलीची शांतता टिपा, संपादनात उपयोगी पडते. फोनमधलं आवाज ‘स्वच्छ’ करणारं सेटिंग बंद ठेवा. हळू आवाजात सांगितलेलं ते गोंगाट समजून पुसतं, आणि महत्त्वाचं बहुधा हळूच सांगितलं जातं.

एक बैठक ६० ते ९० मिनिटांची. तीन छोट्या बैठका एका लांबलचक बैठकीपेक्षा केव्हाही चांगल्या.

लिखित प्रत करताना भाषा शुद्ध करावी का?

नको. समजा, एका बाईने लग्नाबद्दल असं सांगितलं: ‘मला कुणी इचारलं न्हाई. दिली म्हंजी दिली.’ आणि प्रतीत उतरलं: ‘लग्नाबाबत माझं मत विचारात घेतलं गेलं नाही.’ अर्थ तोच, असं वाटतं. पण मूळ बोलण्यात ती स्वतःला वस्तूसारखी ‘दिली’ म्हणते आणि विषय तिथेच संपवते. शुद्ध प्रतीत मत असलेली, तक्रार मांडणारी एक बाई तयार झाली. पुढचा वाचक हिच्यावरून त्या काळच्या बायकांच्या हक्कांच्या जाणिवेवर निबंध लिहील.

बोलीचे शब्द तसेच ठेवा, लांब थांबे सेकंदांसह कंसात द्या, हसणं-रडणंही. दर पाच मिनिटांनी वेळेची खूण घाला. तासाभराच्या रेकॉर्डिंगला पाच ते आठ तास धरा, बोली अनोळखी असेल किंवा दोघी एकदम बोलत असतील तर जास्त. यंत्राने केलेली प्रत चालेल, पण कानाने शेवटपर्यंत पडताळून. यंत्र बोली ऐकून प्रमाण भाषा लिहितं आणि वाक्य इतकं सफाईदार दिसतं की चूक डोळ्यांना खटकत नाही.

गुप्ततेचं वचन द्यायचं का?

पाळता येईल तेवढंच. २००१ पासून अमेरिकेतल्या बॉस्टन कॉलेजच्या एका प्रकल्पात उत्तर आयर्लंडच्या सशस्त्र संघर्षातल्या माणसांच्या मुलाखती घेतल्या गेल्या. आपण हयात असेपर्यंत टेप बाहेर जाणार नाहीत, या भरवशावर ती माणसं बोलली. २०११ मध्ये ब्रिटिश तपासासाठी अमेरिकेत समन्स निघालं. त्यात डोलर्स प्राइस यांच्या मुलाखतीची मागणी होती आणि त्या तेव्हा हयात होत्या. वचन कायद्यापुढे टिकलं नाही. म्हणून संमतिपत्रात ‘कायद्याने भाग पाडलं नाही तर’ असं लिहा आणि तोंडीही सांगा. गुन्ह्याचा तपशील येणार असं दिसलं तर रेकॉर्डर बंद करून आधी हे बोला.

संमती दोनदा घ्या. बोलण्याआधी रेकॉर्डिंगची. प्रत वाचून दाखवल्यावर वापराची: कोण ऐकेल, नाव राहील का, कोणता भाग किती वर्षं बंद ठेवायचा. वाचता न येणाऱ्या बाईचा नुसता अंगठा घेऊ नका, वाचून दाखवून तिची संमती आवाजात नोंदवा. तिने नावं घेतलेल्या जिवंत माणसांनी संमती दिलेली नसते, ती नावं सार्वजनिक प्रतीत झाका.

नाव सरसकट बदललेलं बरं नाही का?

नाही, तिला विचारा. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांचा इतिहास १९८९ मध्ये ‘आम्हीही इतिहास घडवला’ म्हणून पुढे आणला, त्यात त्या स्त्रियांची नावं असणं हाच मुद्दा होता. धोका असेल तिथे बदला, सवयीने बदलू नका.

सांगताना ती रडू लागली तर?

थांबा, रेकॉर्डर बंद करू का विचारा. विषय बदलायची घाई तुमच्या सोयीसाठी असते. तिला पुढे बोलायचं असेल तर बोलू द्या. बैठक त्याच प्रसंगावर संपवू नका, शेवटची पंधरा मिनिटं आजच्या दिवसाकडे आणा आणि दोन दिवसांत विचारपूस करा.

किती मुलाखती पुरेशा?

आकडा नाही. नवीन काही येईनासं झालं की पुरे, पण त्याआधी पाहा की सगळ्या एकाच जातीच्या, एकाच वस्तीतल्या, लग्न झालेल्या तर नाहीत ना. एकीने ओळख करून दिलेली दुसरी, दुसरीने तिसरी, अशी साखळी लागली की भांडून निघालेल्या, परतलेल्या, एकट्या राहिलेल्या बाया त्यात येत नाहीत. त्यांच्यासाठी वेगळी वाट शोधावी लागते.

सगळं जपायचं कसं?

तीन प्रती, दोन प्रकारच्या साधनांवर, एक दुसऱ्या जागी. मूळ वेव्ह फाइलला हात लावू नका, कापाकापी नकलेवर. फाइलच्या नावात तारीख आणि क्रमांक ठेवा, बाईचं नाव नको. वर्षातून एकदा प्रत्येक फाइल उघडून पाहा, जुन्या हार्ड डिस्क न सांगता मरतात. एक प्रत तिला द्या, तिच्या घरात वाजवता येईल अशा साधनावर, आणि ती घरात कोणी कोणी ऐकलेली चालेल हे देण्याआधी विचारून घ्या.